महाराष्ट्रातील लैंगिक शिक्षण : बदलती नावे आणि बदलती समाजदृष्टी

प्रस्तावना

इ. स. १९२५ मध्ये मुंबईच्या विल्सन महाविद्यालयातील गणिताच्या एका प्राध्यापकाने नोकरीचा राजीनामा दिला. अध्यापनात त्यांच्याकडून कोणतीही कसूर झालेली नव्हती. वर्गाबाहेर ते संततिनियमनाचा प्रचार करीत आणि त्या विषयावर पुस्तके लिहीत. महाविद्यालयाच्या ख्रिस्ती व्यवस्थापनाला हे मान्य नव्हते. प्रचार सोडावा की नोकरी, असा प्रश्न उभा राहिला तेव्हा रघुनाथ धोंडो कर्वे यांनी नोकरी सोडली. आधुनिक महाराष्ट्रातील लैंगिक शिक्षणाच्या इतिहासाचा विचार करताना या घटनेपासून आरंभ करणे उचित ठरते. हा विषय कोणी बोलावा, कोणाशी बोलावा आणि कोणत्या नावाने बोलावा, हे या इतिहासातील तिन्ही प्रश्न तिच्यात एकत्र आलेले आहेत.

लैंगिक शिक्षण म्हणजे केवळ प्रजननसंस्थेची माहिती नव्हे. शरीराची ओळख, वयात येताना होणारे शारीरिक व मानसिक बदल, गर्भधारणा व गर्भप्रतिबंध, लिंगसांसर्गिक रोग, परस्परसंमती, स्त्री-पुरुष समानता, निरनिराळे लैंगिक कल आणि नात्यातील जबाबदारी या सर्वांचा त्यात समावेश होतो. महाराष्ट्रात या शिक्षणाचा प्रवास गेल्या सुमारे शंभर वर्षांत कसा झाला याचा परामर्श प्रस्तुत लेखात घेतला आहे. समाजाने आणि शासनाने हा विषय वेळोवेळी स्वीकारला, पण तो नेहमी दुसऱ्या एखाद्या नावाने स्वीकारला. लोकसंख्या, रोग आणि गुन्हा यांच्या निमित्ताने त्याला प्रवेश मिळाला. व्यक्तीचे ज्ञान, तिचे सुख आणि तिचा निर्णय यांच्यासाठी तो पुढे आला तेव्हा मात्र दार बंद झाले. हे या लेखाचे मुख्य प्रतिपादन आहे.

पूर्वपीठिका : कायद्याच्या निमित्ताने झालेली चर्चा

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात वैवाहिक संबंधांची जाहीर चर्चा महाराष्ट्रात प्रथम न्यायालयात व वृत्तपत्रांत झाली. बालपणी विवाह झालेल्या रखमाबाईंनी पतीकडे नांदावयास जाण्यास नकार दिला. त्यांच्या पतीने १८८४ साली मुंबई उच्च न्यायालयात दावा दाखल केला. १८८५ मध्ये न्या. पिन्हे यांनी रखमाबाईंच्या बाजूने निर्णय दिला. परंतु १८८७ मध्ये त्यांनी पतीकडे जावे, अन्यथा सहा महिने तुरुंगवास भोगावा, असा आदेश झाला. १८८८ मध्ये तडजोडीने हा वाद मिटला. रखमाबाई पुढे वैद्यकीय शिक्षण घेऊन डॉक्टर झाल्या.

याच काळात बेहरामजी मलबारी यांच्या प्रयत्नांतून संमतिवयाचा प्रश्न ऐरणीवर आला. १८९१ च्या कायद्याने मुलींचे संमतिवय दहावरून बारा वर्षे करण्यात आले. आगरकरांनी 'सुधारक'मधून सुधारणेचा पुरस्कार केला, तर परकीय सरकारने आमच्या धर्मजीवनात हस्तक्षेप करू नये, अशी भूमिका लोकमान्य टिळकांनी घेतली. हा वाद अनेक अंगांनी अभ्यासला गेला आहे. प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने त्यातील एक बाब लक्षणीय आहे. मुलीच्या शरीराविषयी दोन्ही पक्ष बोलत होते. परंतु तिला स्वतःच्या शरीराविषयी काही कळावे, हा मुद्दा वादाच्या केंद्रस्थानी नव्हता. तिचे वय किती असावे याची चर्चा झाली. तिचे ज्ञान किती असावे याची झाली नाही.

र. धों. कर्वे आणि 'समाजस्वास्थ्य'

ही उणीव ज्यांनी ओळखली त्यांत र. धों. कर्वे अग्रभागी होते. स्त्रीशिक्षणासाठी आयुष्य वेचणाऱ्या महर्षी धोंडो केशव कर्वे यांचे ते ज्येष्ठ पुत्र. उच्च शिक्षणासाठी ते पॅरिसला गेले आणि तेथून परतल्यावर १९२१ साली त्यांनी मुंबईत संततिनियमनाचे केंद्र सुरू केले. मेरी स्टोप्स यांनी लंडनमध्ये आपले केंद्र उघडले ते याच वर्षी. म्हणजे या विषयात मुंबई लंडनच्या मागे नव्हती. १९२३ मध्ये त्यांची 'संततिनियमन' आणि 'गुप्तरोगांपासून बचाव' ही पुस्तके प्रसिद्ध झाली. १९३४ मध्ये 'आधुनिक कामशास्त्र' आले. नोकरी सोडल्यानंतरच्या आर्थिक ओढगस्तीत त्यांच्या पत्नी मालतीबाई या कार्यात खंबीरपणे त्यांच्या पाठीशी उभ्या राहिल्या.

जुलै १९२७ मध्ये त्यांनी 'समाजस्वास्थ्य' हे मासिक सुरू केले. ऑक्टोबर १९५३ मध्ये त्यांचे निधन होईपर्यंत, म्हणजे सव्वीस वर्षे, ते त्यांनी जवळजवळ एकहाती चालविले. मासिकाचा वाचकवर्ग मर्यादित होता. मुखपृष्ठावरील नग्न स्त्रीचित्रांमुळे ते टीकेचे लक्ष्यही झाले. तथापि त्याचे खरे वैशिष्ट्य वाचकांच्या प्रश्नोत्तरांत आहे, असे म्हणावे लागेल. हस्तमैथुनाने शरीराची हानी होते काय, समलिंगी आकर्षण हा रोग आहे काय, अशा प्रकारचे प्रश्न वाचक पत्राने विचारीत आणि कर्वे त्यांना बुद्धिवादी, शास्त्राधारित उत्तर देत. जे प्रश्न घरात, शाळेत वा वैद्यांकडे विचारण्याची सोय नव्हती, त्यांना छापील पानावर जागा मिळाली. एका अर्थाने हा वाचकांनी ठरविलेला अभ्यासक्रमच होता. स्त्रीलाही कामसुखाचा पुरुषाइतकाच अधिकार आहे, हे कर्वे यांचे प्रतिपादन त्या काळाला विशेष झोंबणारे होते.

या लेखनासाठी त्यांना न्यायालयात खेचण्यात आले. १९३१ मध्ये व्यभिचारविषयक लेखाबद्दल त्यांना शंभर रुपये दंड झाला. १९३४ मध्ये दुसरा खटला उभा राहिला तो प्रश्नोत्तरांवरून. या खटल्यात त्यांची बाजू डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी मांडली. लोक लैंगिक विषयावर प्रश्न विचारीत असतील तर त्यांना उत्तर मिळाले पाहिजे, आणि केवळ विषय लैंगिक आहे म्हणून लेखन अश्लील ठरत नाही, असा त्यांच्या युक्तिवादाचा रोख होता. न्यायालयाने तो स्वीकारला नाही. दोनशे रुपये दंड झाला. दलितांच्या राजकीय हक्कांच्या लढ्यात पूर्णपणे गुंतलेल्या नेत्याने हा खटला चालवावा, ही गोष्ट त्या लढ्याचा आशय किती व्यापक होता हे दर्शविते.

अश्लीलतेचा कायदा आणि ज्ञानाचा अपवाद

कर्वे यांना झालेल्या शिक्षेचा अर्थ समजण्यासाठी तत्कालीन कायद्याचे स्वरूप पाहणे आवश्यक आहे. अश्लील साहित्याची विक्री व प्रसार हा भारतीय दंड संहितेच्या कलम २९२ अन्वये गुन्हा होता. अश्लील कशाला म्हणावे हे ठरविताना न्यायालये १८६८ च्या इंग्लंडमधील हिक्लिन खटल्याची कसोटी वापरीत. अनिष्ट प्रभावाला सहज बळी पडेल अशा मनावर लेखनाचा काय परिणाम होईल, हे त्या कसोटीत पाहिले जाई. म्हणजे लेखकाचा हेतू किंवा सर्वसामान्य सुजाण वाचक यांना महत्त्व नव्हते. सर्वांत दुर्बळ वाचक हाच मापदंड होता. कलमात धार्मिक ग्रंथांना व मंदिरांवरील शिल्पांना अपवाद होता, विज्ञानाला नव्हता. त्यामुळे मंदिराच्या भिंतीवरील मिथुनशिल्प कायद्याला चालत होते, परंतु त्याच विषयावरील शास्त्रीय उत्तर गुन्हा ठरू शकत होते.

विज्ञान, साहित्य, कला व विद्या यांच्या हितासाठी आणि लोकहितार्थ केलेल्या प्रकाशनाला अपवाद देणारी दुरुस्ती १९६९ मध्ये झाली. कर्वे यांच्या मृत्यूला तेव्हा सोळा वर्षे झाली होती. हिक्लिनची कसोटी सर्वोच्च न्यायालयाने रणजित उदेशी खटल्यात १९६४ साली ग्राह्य मानली होती. ती २०१४ मध्ये अवीक सरकार खटल्यात बाजूला सारून तत्कालीन समाजाच्या मापदंडांची कसोटी स्वीकारली गेली. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत कलम २९२ ची जागा कलम २९४ ने घेतली आहे. कायद्याने ज्ञानाला हळूहळू मान्यता दिली. समाजाने ती दिली की नाही हा प्रश्न वेगळा आहे.

ब्रह्मचर्य की साधने?

१९३० च्या दशकात या प्रश्नाला राष्ट्रीय परिमाण लाभले. डिसेंबर १९३५ मध्ये अमेरिकेतील संततिनियमन चळवळीच्या नेत्या मार्गारेट सँगर वर्धा येथे महात्मा गांधींना भेटल्या. स्त्रियांवर मातृत्व लादले जाऊ नये याविषयी दोघांचे दुमत नव्हते, मार्गाविषयी होते. गांधीजी कृत्रिम साधनांच्या विरोधात होते. संयम हाच त्यांच्या मते योग्य उपाय होता. सँगर यांच्या मते संयमाचा उपदेश सामान्य स्त्रीच्या उपयोगाचा नव्हता, कारण तो पाळणे तिच्या एकटीच्या हाती नव्हते.

महाराष्ट्रात साधनांच्या बाजूने बोलणारे अनेक जण पुढे आले. डॉ. ए. पी. पिल्ले यांनी १९३४ मध्ये मुंबईहून 'मॅरेज हायजीन' हे नियतकालिक सुरू केले. ना. सी. फडके यांनी या विषयावर ग्रंथलेखन केले. शकुंतला परांजपे यांनी पुण्यात स्त्रियांमध्ये प्रत्यक्ष काम केले व पुढे विधान परिषदेत आणि राज्यसभेत हा विषय नेला. १० नोव्हेंबर १९३८ रोजी मुंबई विधानसभेत डॉ. आंबेडकर यांचे संततिनियमनविषयक भाषण त्यांच्या वतीने पी. जे. रोहम यांनी मांडले. स्त्रीचे आरोग्य व कुटुंबाचे दारिद्र्य ही त्यातील युक्तिवादाची मुख्य सूत्रे होती. ठराव फेटाळला गेला.

मात्र या चळवळीचे एक अंग डोळसपणे पाहावयास हवे. तिच्यातील काही जणांच्या लेखनावर सुप्रजाजननाच्या विचाराचा प्रभाव होता. कोणी मुले जन्माला घालावीत आणि कोणी घालू नयेत, हे वरच्या वर्गाने ठरवावे, असा त्याचा ध्वन्यर्थ होता. व्यक्तीला ज्ञान देण्याचा हेतू आणि लोकांची संख्या वा 'प्रत' नियंत्रित करण्याचा हेतू हे दोन प्रवाह येथे एकमेकांत मिसळलेले दिसतात. पुढील काळात दुसरा प्रवाह प्रबळ झाला.

संततिनियमनाकडून कुटुंबनियोजनाकडे

१९५२ मध्ये भारताने कुटुंबनियोजनाचा राष्ट्रीय कार्यक्रम हाती घेतला. शासकीय पातळीवर असा कार्यक्रम स्वीकारणारा भारत हा जगातील पहिला देश होय. ज्या विषयासाठी कर्वे यांना दंड झाला होता, तो आता शासनाच्या भिंतीपत्रकांवर आला. लाल त्रिकोण गावोगावी पोहोचला. १९६८ पासून 'निरोध' सवलतीच्या दरात दुकानांत मिळू लागला. वरकरणी पाहता हा कर्वे यांच्या विचाराचा विजय होता.

परंतु आशय बदलला होता. कर्वे यांच्या लेखनातील व्यक्ती आपल्या सुखाचा व आरोग्याचा विचार करणारी होती. शासकीय कार्यक्रमातील व्यक्ती ही लोकसंख्येतील एक आकडा होती. याचे टोक आणीबाणीत गाठले गेले. १९७६-७७ या एका वर्षात देशात ऐंशी लाखांहून अधिक नसबंदी शस्त्रक्रिया झाल्या. १९७६ मध्ये महाराष्ट्र विधिमंडळाने तीन हयात अपत्यांनंतर नसबंदी सक्तीची करणारे विधेयक संमत केले. राष्ट्रपतींची संमती न मिळाल्याने ते अमलात आले नाही. लैंगिक आरोग्याविषयी शासन बोलू लागले की लोकांच्या मनात जो संशय निर्माण होतो, त्याच्या मुळाशी हा अनुभवही आहे, हे विसरता येणार नाही.

शाळांमध्ये हा विषय १९८० पासून 'लोकसंख्या शिक्षण' या नावाने आला. वाढत्या लोकसंख्येचे आलेख आणि छोट्या कुटुंबाचे फायदे विद्यार्थ्यांनी पाठ केले. कुटुंब छोटे कसे राहते, हा प्रश्न मात्र बहुधा अनुत्तरित राहिला. या काळात सुजाण मराठी वाचकाची गरज डॉ. विठ्ठल प्रभू यांच्या 'निरामय कामजीवन' सारख्या पुस्तकांनी भागविली.

रोगाच्या निमित्ताने : १९८६ ते २००९

१९८६ मध्ये भारतात एचआयव्ही संसर्गाची पहिली नोंद चेन्नई येथे झाली. १९९२ मध्ये राष्ट्रीय एड्स नियंत्रण संघटना स्थापन झाली आणि निरोधचा उल्लेख पुन्हा जाहीरपणे होऊ लागला. यावेळी निमित्त रोगाचे होते. शाळांत 'लोकसंख्या शिक्षणा'ची जागा क्रमाने 'किशोरावस्था शिक्षण', 'जीवनकौशल्ये' अशा संज्ञांनी घेतली. २००५ मध्ये मनुष्यबळ विकास मंत्रालय व एड्स नियंत्रण संघटना यांनी संयुक्तपणे किशोरावस्था शिक्षण कार्यक्रम सुरू केला.

२००७ मध्ये या कार्यक्रमाला अनेक राज्यांतून तीव्र विरोध झाला. महाराष्ट्रात विधिमंडळात पक्षभेद विसरून सदस्यांनी शैक्षणिक साहित्यातील चित्रांना हरकत घेतली आणि राज्यात लैंगिक शिक्षणावर बंदी आली. मध्य प्रदेश, कर्नाटक आदी राज्यांनीही असाच निर्णय घेतला. राज्यसभेच्या याचिका समितीने २००९ मधील आपल्या अहवालात शाळांत लैंगिक शिक्षण देऊ नये, अशी शिफारस केली.

विरोधकांचे आक्षेप समजून घेणे आवश्यक आहे. हे साहित्य पालक व शिक्षक यांना विश्वासात न घेता वरून आले, या आक्षेपात तथ्य होते. ज्या शिक्षकाला स्वतःला हे शिक्षण कधी मिळाले नाही, त्याच्या हाती चित्रतक्ता देऊन वर्गात उभे करणे हा कार्यक्रमाच्या आखणीतील दोष होता. मात्र माहितीमुळे मुले बिघडतील, हा मुख्य आक्षेप पुराव्याला धरून नाही. युनेस्कोने २००९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या व २०१८ मध्ये सुधारलेल्या मार्गदर्शक तत्त्वांत विविध देशांतील अभ्यासांचा आढावा आहे. अशा शिक्षणाने लैंगिक संबंध लवकर सुरू होण्याचे प्रमाण वाढत नाही, असा निष्कर्ष त्यातून निघतो.

याच २००७ साली केंद्रीय महिला व बालविकास मंत्रालयाने बालअत्याचारविषयक अभ्यास प्रसिद्ध केला. महाराष्ट्रासह तेरा राज्यांतील १२,४४७ मुलांपैकी ५३.२२ टक्के मुलांनी आपल्यावर कोणत्या ना कोणत्या स्वरूपाचा लैंगिक अत्याचार झाल्याचे सांगितले होते. मुलांनी काय पाहू नये याची चर्चा विधिमंडळात झाली त्याच वर्षी, मुलांना काय सोसावे लागते याची ही आकडेवारी समोर आली. दोन्ही गोष्टींचा परस्परसंबंध मात्र फारसा जोडला गेला नाही. अवयवांची नावेच ज्याला ठाऊक नाहीत, ते मूल आपल्यावर काय झाले हे कोणत्या शब्दांत सांगणार?

संरक्षणाच्या निमित्ताने : २०१२ नंतर

२०१२ मध्ये लैंगिक गुन्ह्यांपासून बालकांचे संरक्षण करणारा कायदा झाला. २०१३ मध्ये न्या. वर्मा समितीने लैंगिक शिक्षणाची गरज प्रतिपादन केली. २०१४ मध्ये राष्ट्रीय किशोर स्वास्थ्य कार्यक्रम सुरू झाला. 'चांगला स्पर्श, वाईट स्पर्श' हे शब्द शाळांत रूढ झाले. हा निश्चितच इष्ट बदल आहे. तथापि येथेही विषयाला प्रवेश मिळाला तो भयाच्या निमित्ताने. शरीर धोक्यात कसे येते हे मुलांना सांगितले जाते. शरीर आपले आहे आणि त्यात लाजण्यासारखे काही नाही, हे क्वचितच सांगितले जाते.

दरम्यान न्यायालयांनी मोठा पल्ला गाठला. सप्टेंबर २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रौढांमधील संमतीचे समलिंगी संबंध गुन्ह्याच्या कक्षेतून वगळले आणि त्याच महिन्यात व्यभिचाराचे कलम ४९७ घटनाबाह्य ठरविले. १९३१ आणि १९३४ मध्ये कर्वे यांना ज्या विषयांवरील लेखनासाठी दंड झाला, नेमके तेच हे दोन विषय होत. सप्टेंबर २०२४ मधील एका निकालात सर्वोच्च न्यायालयाने सर्वंकष लैंगिक शिक्षणाची आवश्यकता अधोरेखित केली.

याउलट प्रत्यक्ष ज्ञानाची स्थिती काय आहे? पाचव्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार (२०१९-२१) देशातील १५ ते ४९ वयोगटातील सुमारे २२ टक्के स्त्रियांना व ३१ टक्के पुरुषांनाच एचआयव्हीविषयी परिपूर्ण ज्ञान होते. महाराष्ट्रात २० ते २४ वयोगटातील २१.९ टक्के स्त्रियांचा विवाह अठरा वर्षे पूर्ण होण्यापूर्वी झाला होता. संमतिवयाच्या वादाला सव्वाशेहून अधिक वर्षे लोटल्यानंतरची ही स्थिती आहे.

महाविद्यालयीन अध्यापकांची भूमिका

हा विषय शाळांचा आहे, असे आपण महाविद्यालयीन अध्यापक सामान्यतः समजतो. वस्तुतः वर वर्णन केलेल्या सर्व बंद्या आणि पर्यायी नावे यांतून वाट काढीत आलेला विद्यार्थी अखेर आपल्या वर्गात येऊन बसतो. त्याचे वय अठरा असते. तो मतदार असतो. मुलगी असेल तर तिच्या घरी स्थळे पाहिली जात असतात. त्याच्या हातातील मोबाइलवर सर्व काही उपलब्ध असते. त्यातील खरे कोणते आणि विकृत कोणते हे सांगणारे कोणी नसते. एकेकाळी प्रश्न होता तो माहितीच्या अभावाचा. आज तो विश्वासार्ह माणसाच्या अभावाचा आहे.

महाविद्यालयांत रेड रिबन क्लब आहेत, राष्ट्रीय सेवा योजना आहे, अंतर्गत तक्रार समिती आहे. परंतु या यंत्रणा पुन्हा रोग आणि गुन्हा या दोनच चौकटींत काम करतात. विद्यार्थिनींसाठी आरोग्यविषयक व्याख्यान होते तेव्हा मुलांना बाहेर पाठविले जाते. त्यामुळे मासिक पाळी ही लपविण्याची बाब आहे, हा धडा दोघांनाही त्याच तासाला मिळतो. मराठी वा समाजशास्त्राच्या वर्गात संबंधित उतारा आला की आपण तो 'घरी वाचा' म्हणून सोडून देतो. यात सुधारणा करण्यास फार मोठ्या निधीची आवश्यकता नाही. नाव न लिहिता प्रश्न टाकता येईल अशी पेटी, महिन्यातून एकदा जाणकार डॉक्टर वा समुपदेशक यांच्याकडून मुले-मुली दोघांसमोर त्यांची उत्तरे, आणि अध्यापकांसाठी एखादी कार्यशाळा एवढ्याने प्रारंभ होऊ शकतो. पद्धत नवीन नाही. 'समाजस्वास्थ्य'च्या पानांवर ती सव्वीस वर्षे चालली होती.

समारोप

संततिनियमन, कुटुंबनियोजन, लोकसंख्या शिक्षण, किशोरावस्था शिक्षण, जीवनकौशल्ये, बालसंरक्षण ही नावांची मालिका पाहता असे दिसून येते की समाजाने विषय नाकारला नाही, त्याचे खरे नाव नाकारले. प्रत्येक पर्यायी नावाने काही ना काही साध्य केले, हे मान्य करावे लागेल. परंतु लोकसंख्येच्या निमित्ताने शिकविले की सुखाचा विचार सुटतो, रोगाच्या निमित्ताने शिकविले की नात्याचा विचार सुटतो आणि गुन्ह्याच्या निमित्ताने शिकविले की विश्वासाचा विचार सुटतो. या सुटलेल्या गोष्टीच विद्यार्थ्याला जगताना सर्वाधिक लागतात.

१९२५ मध्ये एका प्राध्यापकाला या विषयासाठी नोकरी सोडावी लागली. आज त्यासाठी कोणी आपल्याकडे राजीनामा मागत नाही. वर्गात आलेल्या एका प्रश्नाला नजर न चुकविता उत्तर द्यावे, एवढीच अपेक्षा आहे.